साळुंकी आणि राजभाषण

एका राज्यात सुकेतू नावाचा राजा होता. दर पाडव्याला तो राजसभेपुढे उभा राही आणि सरल्या वर्षाचा वृत्तान्त सांगे. प्रत्येक वाक्यामागून सभा म्हणे, "धन्य महाराज!" ऐकत कोणीच नसे, पण धन्य म्हणायला कोणी चुकत नसे.

एका पाडव्याला मांत्रिक उग्रनाभ भर भाषणात उठला. म्हणाला, "महाराज, एक विचारू?"

"राजभाषणात प्रश्न नसतो," राजा म्हणाला. सभा खो खो हसली.

मांत्रिकाने कमंडलूतले पाणी शिंपडले. राजाशेजारी बसलेली राणी पद्मगंधा साळुंकी झाली आणि उडून तुळईवर बसली. सभेला तोही सोहळाच वाटला. सभा म्हणाली, "धन्य महाराज!"

मांत्रिक राजाच्या कानाशी लागला. "भाषणात कोणी तुला मनापासून प्रश्न विचारील, तेव्हा ती परत येईल. पुढच्या तीन भाषणांत कोणी विचारले नाही, तर ती तुला विसरेल. शाप कोणाला सांगितलास, तर तिला कायमची मुकलास."

साळुंकी रोज राजाच्या खिडकीत येई आणि बोलत बसे. पण महिन्यामागून महिने गेले, तसे तिचे शब्द गळू लागले.

पुढच्या पाडव्याला, कोणी तरी प्रश्न विचारावा म्हणून, राजा म्हणाला, "यंदा आमची नदी डोंगर चढली." सभा म्हणाली, "धन्य महाराज!"

त्याच्या पुढच्या पाडव्याला तो म्हणाला, "यंदा मी धान्याची कोठारे जाळली." सभा म्हणाली, "धन्य महाराज!" कोठारांचा अधिकारी तर सर्वांच्या आधी म्हणाला.

तिसरा पाडवा आला. साळुंकी सभेत तुळईवर येऊन बसली. तिच्यापाशी आता 'नाथ' एवढा एकच शब्द उरला होता, तोही अडखळत येई. राजाचे सगळे डाव संपले होते. तो उभा राहिला आणि जे होते तेच बोलला.

"यंदाही मी दोन पाने वाढायला सांगितली. एक रोज तसेच परत गेले."

"धन्य महाराज!"

"बागेत मोगरा फुलला. माळायला कोणी नव्हते."

सभा पुन्हा धन्य म्हणाली. पण वृद्ध अमात्य शारंगधरांच्या तोंडून शब्द फुटेना. त्यांची बायको जाऊन दोन वर्षे झाली होती. काठी टेकीत ते उठले.

"महाराज, रात्री झोप लागते का?"

राजा म्हणाला, "नाही, काका. फार आठवण येते."

तुळईवरून साळुंकी खाली उतरली. तिचे पाय फरशीला लागले, तेव्हा ती राणी होती. शाप सुटला. राजाने तिथल्या तिथे आज्ञा केली, की यापुढे सभेने प्रश्न विचारल्याखेरीज राजभाषण पुरे होणार नाही.

राणीने त्याच्या गालावरून हात फिरवला. म्हणाली, "किती वाळलात हो!"

सुकेतूचे माणूस घरी आले, तसे ज्याचे त्याचे माणूस घरी येवो.