रुमालाखालचे सात

पूर्वी तगर नगरात नंदिसेन राजा राज्य करीत असे. त्या काळी बोधिसत्त्व तेथे एका तेलव्यापाऱ्याच्या कुळात जन्माला आला होता. त्याचे नाव सुनंद. खेड्यापाड्यांतले तेली घाण्यावरचे कच्चे तेल घड्यांत भरून आणीत. सुनंद ते मोठ्या रांजणांत ओतून गाळ खाली बसू देई आणि निवळलेले तेल नगराला विकी. बाजारातला तो सर्वांत वडील व्यापारी होता.

त्या बाजाराची एक रीत होती. भाव तोंडाने ठरत नसे. घेणारा आणि विकणारा रुमालाखाली हात घालीत, आणि जितकी बोटे दाबली जात तितकी नाणी एका घड्याला. पाचासाठी पुरा पंजा, त्याच्या वर उरलेली बोटे. दोघांनी एकच आकडा दाबला की सौदा पुरा. दिवसाचा पहिला सौदा सर्वांत वडील व्यापाऱ्याचा. तो तेवढा मोठ्याने पुकारला जाई, आणि त्या दिवशी त्या भावाखाली कोणी कच्चे तेल घ्यायचे नाही. पुकारा होईपर्यंत बाजारात मालाची कसलीही बातमी उच्चारायची नाही, असा राजाचा दंडकच होता. मागे एका अफवेवरून बाजारात डोकी फुटली होती. माणसे शहाणीच, पण डोकी फुटल्यावर.

वासुल नावाचा एक तेली दहा घडे घेऊन त्या बाजाराला आला. त्याचा बैल पावसाळ्यात मेला होता. तेव्हापासून घाण्याचे जू एका बाजूला तो आणि एका बाजूला त्याची बायको नागिला ओढीत असत. नागिलाला खोकला जडला होता, तरी ती कुरकुरत नसे. उलट म्हणायची, "अवो, बैलाला तरी वैरण लागत होती, मला ती बी लागत नाही." वासुल हसे आणि जुवाचा भार आपल्या बाजूला जरा जास्त ओढून घेई. या हंगामात बैल आला नाही तर पुढचा हंगाम नागिला बघणार नाही, हे त्याला कळत होते. आठवडाभर भाव चारावर अडला होता. चाराने दहा घडे विकून फार तर अर्धा बैल आला असता.

त्याच पहाटे सुनंदाच्या माणसाने घाटाकडून निरोप आणला होता. दरड कोसळून वाट बुजली होती. समुद्रकाठचे खोबरेल घेऊन येणारा तांडा पलीकडेच अडकला होता आणि दोन महिने तरी येणार नव्हता. हे ऐकून सुनंदाचा भाचा सुमुख आनंदाने उठून उभा राहिला.

"मामा, अजून कुणाला पत्ता नाही. पहिला सौदा चारावर उरका. दुपारपर्यंत सगळा बाजार मी उचलतो. उद्या हेच तेल सातानं जाईल."

"तेल त्यांचं, घाम त्यांचा. आपली फक्त बातमी," सुनंद म्हणाला. "तेवढ्यावर त्यांच्या पुढ्यातलं ताट ओढायचं?"

"पण बातमी सांगायची नाही, असा दंडकच आहे की!"

"नाही सांगणार," सुनंद म्हणाला आणि बाजाराकडे चालू लागला.

रांगेत पहिला वासुल होता. रुमाल पसरला गेला, दोघांचे हात आत गेले. वासुलने रीतीप्रमाणे चार बोटे दाबली. सुनंदाने आधी पुरा पंजा दाबला आणि मग दोन बोटे. सात.

वासुल दचकला. म्हाताऱ्याचा हात चळला असावा, असे त्याला वाटले. वय झाले की मोठमोठ्यांचा आकडा चुकतो. दुसरा कोणी असता तर सात म्हणजे सात करून मोकळा झाला असता, आणि वासुलला तो बैल क्षणभर डोळ्यांपुढे दिसलाही. तपकिरी, रुंद खांद्यांचा. पण म्हाताऱ्याच्या चुकीवर घेतलेला बैल नागिलाने दावणीला बांधू दिला नसता. त्याने पुन्हा चार दाबले, या वेळी जरा जोराने. सुनंदाने पुन्हा सात दाबले.

असा सौदा त्या बाजाराने कधी पाहिला नव्हता. विकणारा खाली ओढतोय, घेणारा वर चढवतोय! पण रुमालाआडचे कोणाला दिसणार? सुमुखला वाटले, मामा भाव पाडतायत, आणि तो मिशीतल्या मिशीत हसला. वासुलच्या कपाळावर घाम आला. त्याने हात सोडवून घ्यायला पाहिले, पण सुनंदाने तो सोडला नाही.

तेव्हा वासुलने मान वर करून त्याच्या तोंडाकडे पाहिले. डोळे भ्रमिष्टाचे नव्हते. स्वच्छ होते, आणि लेकराने घास नाकारला तरी आई हात मागे घेत नाही, तसे थांबलेले होते. याला काहीतरी ठाऊक आहे आणि ते हा मला देतो आहे, हे वासुलला एकदम उमगले. त्याने पुरा पंजा दाबला, मग दोन बोटे.

"सात!" पुकारा झाला.

बाजारात एकच गलका उठला. मग सुनंदाने घाटाची बातमी सर्वांना सांगितली आणि म्हणाला, "माझ्या रांजणांतलं तेल मी जुन्या भावानं घेतलंय. ते नगराला जुन्याच हिशेबानं मिळेल. दिवे विझायला नकोत."

सुमुख रागाने निघून गेला. त्याने पुढे नऊच्या भावाने कच्चे तेल साठवले आणि भाव आणखी चढेल म्हणून गाळासकट तसेच ठेवले. दोन महिन्यांनी वाट उघडली, नवी करडई घाण्यावर चढली, भाव चारावर उतरला आणि सुमुखचे तेल खवट झाले. सुनंदाने ते गाड्यांच्या वंगणाला विकत घेतले आणि भाच्याला एक शब्दही बोलला नाही. त्या न बोलण्यानेच सुमुख वळणावर आला.

वासुल मात्र सौद्याच्याच दिवशी बैल घेऊन सुनंदाच्या दारात उभा राहिला. वाकून तो म्हणाला, "मालक, तुम्ही हात सोडला असता तर माझी बायको गेली असती. तुमचे उपकार ह्या जन्मात फिटायचे नाहीत."

सुनंद म्हणाला, "अरे, आभार मी मानतो. चाळीस वर्षं त्या रुमालाखाली हात घालतोय. माझी चूक झाली असं वाटूनसुद्धा कमीच मागणारा आज पहिल्यांदा भेटला."

वासुल घरी पोहोचला तेव्हा नागिला जुवाला खांदा लावूनच उभी होती. त्याने ते तिच्या खांद्यावरून उतरवले. ती बैलाच्या गळ्यात पडून रडली.

विहारात जमलेल्या भिक्षूंना ही कथा सांगून शास्ते म्हणाले, "भिक्षूंनो, तेव्हाचा सुमुख आज तुमच्यात मागच्या ओळीत बसला आहे. त्याचे नाव विचारू नका, तो केव्हाच सुधारला आहे. तेव्हाचे वासुल आणि नागिला म्हणजे या विहाराच्या दिव्यांना रोज तेल आणणारे हे म्हातारे जोडपे. आणि सुनंद व्यापारी मीच होतो. समोरच्याला जे ठाऊक नाही ते आपल्याला ठाऊक असावे, आणि त्याचा लाभ आपण त्याच्याच हाती ठेवावा, हीच सत्यपारमिता, सत्याची परिसीमा. पण ध्यानात ठेवा, त्या दिवशी ती रुमालाखालच्या दोन्ही हातांत होती."