साळुंकीबाईंची एक सकाळ

विषय : गेलेल्या सकाळी परत जाण्याची परवानगी मिळण्याबाबत.
संदर्भ : साळुंकीबाईंचा अर्ज.

फार पूर्वी, गेलेल्या दिवसांत परत जाता येत असे. त्यासाठी रानात एक कार्यालय होते आणि दोनशे वर्षांचे कासवराव तिथे हेडक्लार्क होते.

एका सकाळी भांडणात साळुंकीबाई नवऱ्याला म्हणाल्या, "पुन्हा तोंड दाखवू नका." तो उडाला आणि वाटेतच ससाण्याने त्याला नेले.

कासवरावांनी अर्ज वाचला. "ससाण्याला अडवता येणार नाही हं. नियमात बसत नाही."

"नाही अडवत. एवढंच म्हणेन, लवकर या."

"मग कागद चार टेबलं फिरून येईल."

दोन पावसाळे गेले. बाईंची पिसे विरळ झाली. "अहो कासवराव, अजून किती?"

"घाई कशाची, बाई? सकाळ काही पळून जात नाही. दहा वर्षांनी निघालात तरी तीच मिळेल."

"सकाळ राहील हो तिथेच. मी राहीन का?"

कासवरावांना प्रश्न कळला नाही. त्यांनी तो अभिप्रायासाठी वरच्या टेबलाकडे पाठवला.

अर्जावरचा शेवटचा शेरा असा : परवानगी यंदा मंजूर झाली आहे. ती घेण्यास अर्जदाराने स्वतः हजर राहणे आवश्यक आहे. साळुंकीबाई गेली तीन वर्षे आलेल्या नाहीत. सबब अर्ज प्रलंबित आहे.