दुपारची सुनावणी

रानात अजून माणसाची पायवाट पडली नव्हती, तेव्हाची गोष्ट. तिथं एक रीत होती. ज्याच्याकडे कोणी राबे, त्यानं त्या कामकऱ्याच्या म्हातारपणासाठी दर हंगामाला मूठभर बिया उंबराच्या ढोलीत ठेवायच्या.

एका खारीनं जन्मभर साळिंदराकडे काम केलं. दात झिजल्यावर ती ढोलीपाशी गेली, तर ढोली रिकामी. तिनं रानाचा पंच असलेल्या वानराकडे तक्रार केली.

वानरानं भर दुपारी सभा भरवून साळिंदराच्या नावानं हाका मारल्या. साळिंदर बिळात गाढ झोपलेलं. "आलं नाही, म्हणजे गुन्हा कबूल," वानर म्हणाला. दंड म्हणून सभेनं साळिंदराची कोठी फोडली आणि सगळा साठा खाऊन टाकला. खारीच्या वाट्याला दोन शेंगा आल्या.

तिन्हीसांजेला साळिंदर आलं. "ढोलीत पाणी शिरत होतं, म्हणून हिच्या बिया मी वरच्या कपारीत हलवल्या. एकदा विचारायचं तरी."

"बोलावलं होतं."

"माझा दिवस झोपेत जातो, हे रानाला ठाऊक आहे."

"सभा दुपारीच भरते," वानर जांभई देत म्हणाला.

खार कपारीत डोकावली. बिया होत्या, कोरड्या ठणठणीत. "धनी, माझं मिळालं," ती खालच्या आवाजात म्हणाली. "पण तुमच्याकडे राबणाऱ्या बाकीच्या खारींसाठी आता कुठून ठेवाल?"

साळिंदर बिळाकडे वळलं.

दुसऱ्या दिवशी भर दुपारी वानर पुढच्या खटल्यासाठी वटवाघळाला हाका मारत होता. वटवाघूळ त्याच्याच डोक्यावर, फांदीला उलटं लटकून झोपलं होतं.