खाडीच्या तोंडातला दात

एक होती खाडी. खाडीला होतं तोंड आणि तोंडात होता एकच दात. दात म्हणजे काळाकुट्ट खडक, बरं का. भरतीला पाण्याखाली दडून बसायचा आणि चुकून गलबत वर आलं, की कचकन चावायचा.

खाडीकाठच्या गावात तानाय नावाची मुलगी राहायची. मोठी भित्री. मांजर शिंकलं तरी दचकायची. तिला होता फक्त बा. धाकू तांडेल, म्हणजे गलबताचा म्होरक्या. लहानपणी तिला थोपटताना तो एकच ओळ गुणगुणायचा, ‘माडाआड आई, वाट सरळ जाई.’ तानायला वाटायचं, ही अंगाईच.

बाचा एक पाय अधू. काठी टेकत चालायचा, आणि पोहायचं तर नावच नको. म्हणून गलबतं परमुलखाला निघाली, की तानाय बाची काठीच लपवून ठेवायची. गलबत फुटलं तर बाकीचे पोहून येतील. बा कसा येईल?

त्या साली पाऊस ओसरला, दर्याला नारळ वाहिला आणि चार गलबतं शिडं फुगवून निघून गेली. तानाय टेकडीवर चढली. तिथं गावदेवी लाटाईची जुनी घुमटी होती. तानायनं हात जोडले. “आई, माझा बा सुखरूप आला, तर तुला नवी पांढरीफेक घुमटी बांधीन.”

घरी आली, पण चैन पडेना. देवी विसरली तर? आपणच विसरलो तर? मग तिनं काय केलं असेल? नवस आधीच फेडून टाकला! जुनीच्या अंमळ डावीकडे नवी घुमटी बांधली. दर साली बायका शिंपले भाजून चुना करायच्या आणि जुन्या घुमटीला फासायच्या. त्या साली सगळा चुना नवीला लागला. जुनी बिचारी शेवाळून काळी पडली. कुणाच्या ध्यानातही आलं नाही.

मग पहिलं गलबत परत आलं. भर दुपार, आभाळ निरभ्र, वारा शहाणा. आणि कच्च! दातावर. खलाशी फळ्यांना धरून काठाला लागले. खजूर सगळा पाण्यात. महिनाभर गावातले मासे गोड लागत होते म्हणे.

त्या गलबताचा तांडेल डोकं धरून बसला. “काठावरचा एकटा माड धरून, नेहमीच्याच वाटेनं आलो रे! दातच हलला!”

पारूमावशीचा नवरा दुसऱ्या गलबतावर होता. ती म्हणाली, “एका घुमटीनं आईचं काय होतंय? तानायनं आधी नवस फेडला, मग मी का मागं राहू?” तिनं तानायच्या घुमटीला खेटून दुसरी बांधली. चुनाही फासला. दुसरं गलबत आलं. कच्च! नवरा एका पिंपावर बसून घरी आला, तो थेट चुलीपाशीच बसला. मग सगळ्या बायकांनी मिळून तिथंच खेटून तिसरी घुमटी बांधली. तिसरं गलबत आलं. तेही कच्च!

आता सगळा गाव बुचकळ्यात पडला. नवस वाढावेत तशी गलबतं फुटावीत, हा काय प्रकार? कोणी म्हणे दात चालतो. कोणी म्हणे लाटाई रुसली. कोणी म्हणे चौथी बांधा. पण चुनाच संपला होता, आणि चौथं गलबत होतं धाकू तांडेलाचं.

तानायच्या डोक्यात नुसता काला झाला. ती काठाकाठानं चालत निघाली. एका बिळातून नांग्या उगारत कुर्ली बाहेर आली. तानाय दचकली. मग म्हणाली, “कुर्लीताई, दात हलला का गं?”

“माझं माहेर दाताखाली,” कुर्ली म्हणाली. “हलला असता तर माहेर मोडलं नसतं?”

मग भेटला पाणकावळा, पंख वाळवत बसलेला. तानाय पुन्हा दचकली. “पाणकावळेदादा, काठावरचा एकटा माड हलला का हो?”

“रोज त्यावरच बसतो. हलला असता तर मी पडलो नसतो?”

दात हलला नाही. माड हलला नाही. मग हललं तरी काय? तानायला काही म्हणता काही कळेना.

तेवढ्यात पायाखालचा दगड बोलला. तानाय अशी उडाली की विचारू नका! तो दगड नव्हताच. म्हातारी कासवीण होती.

“मीपण चुकले पोरी,” ती म्हणाली. “शंभर वर्षं याच वाळूत अंडी घालते. औंदा पोचले तुमच्या गोठ्यात. म्हैस हसली मला! पाण्यातून काहीतरी निराळं दिसतंय, पण काय ते उमगत नाही. बस पाठीवर, तूच बघ.”

त्या गावात बायका गलबतावर चढत नसत, बरं का. काठावरून निरोप द्यायचा आणि काठावरच वाट बघायची. दर्यातून आपलं गाव कसं दिसतं, ते एकीलाही ठाऊक नव्हतं. तानायनं डोळे मिटले, कासविणीची पाठ घट्ट धरली आणि निघाली. खूप आत गेल्यावर डोळे उघडले.

समोर काठावर एकटा माड. मागे टेकडीवर पांढरी घुमटी, दुरून तिन्ही मिळून एकच दिसणारी. कासवीण वळली, तशी घुमटी सरकत सरकत माडामागे लपली. आणि तानायला एकदम आठवलं, माडाआड आई, वाट सरळ जाई! म्हणजे ती अंगाई नव्हतीच. तो खाडीत शिरायचा रस्ता होता. पांढरी घुमटी माडाआड गेली, की सुकाणू सरळ.

तिनं सरळ समोर पाहिलं. पाण्याखाली दात.

कारण माडाआड गेली होती ती तिची नवी घुमटी. जुनी, काळी, टेकडीत मिसळून गेलेली. दात हलला नव्हता, माडही नव्हता. वाट हलवली होती तानायनंच.

आणि मागे वळून बघते, तो काय? ठिगळाचं शीड! बाचं गलबत!

कासवीण एरवी कशी चालते, ठाऊक आहे ना? त्या दिवशी मात्र मासोळीसारखी सुटली. तानाय काठाला लागली ती ओरडतच, “नव्या घुमट्या झाका गं! जुनी पांढरी करा!”

“नवस मोडतेस?” पारूमावशी खेकसली.

“मोडत नाही मावशी, लुगडं नेसवते! आईला लुगडं नको का?”

आता याला कोण नाही म्हणणार? बायकांनी पेट्या उघडल्या. हिरवी, पोपटी, शेवाळी लुगडी घेऊन टेकडी चढल्या. तिन्ही घुमट्या नेसल्या आणि झाडीत मिसळून गेल्या. पण जुनीला पांढरं कशानं करायचं? चुना तर संपलेला. तानायनं इकडं पाहिलं, तिकडं पाहिलं. सणाचा दिवस होता, घरोघरी घावनाचं पीठ भिजवलेलं. तिनं पातेलं उचललं आणि ओतलं घुमटीवर! मग सगळ्यांनीच पातेली आणली.

खाली बाचं गलबत नीट दाताकडे चाललं होतं. बायकांनी पीठभरले हात जोडले. शीड फडफडलं. गलबत जरासं थबकलं. मग हळूहळू त्याचं नाक वळलं आणि ते दाताला खेटून, अल्लाद, आत आलं.

बा काठी टेकत उतरला. “तानाय, आधी पांढरं दिसलं ते एकाएकी हिरवं झालं आणि भलतीकडेच नवं उगवलं. माझ्या म्हाताऱ्या डोळ्यांना काही कळेना. मग म्हटलं, माडाआड आई. तिलाच धरलं.” मग त्यानं हवा हुंगली. “पण काय गं, आईच्या टेकडीवरून घावनाचा वास कसा येतोय?”

तेव्हापासून त्या गावात नवस कोणी आधी फेडत नाही. पावसानंतरचा पहिला चुना जुन्या घुमटीला, आणि बाकीच्या तिघी लुगडं नेसून बसतात. गलबतं सुखानं येतात. तानायही सुखी आहे. मांजर शिंकलं की अजून दचकते, तेवढं सोडा.

आता कोण जागं आहे? घ्या पांघरूण. पापणीआड डोळे, वाट सरळ जाई.