भेटीचा दगड

तळ्याच्या सांडव्याजवळ हा जो कमरेइतका उंच दगड आहे, त्याला हिंगणवाडीत आणि पलीकडच्या कौलवाडीत भेटीचा दगड म्हणतात. तसा तो वीरगळ. वरच्या कप्प्यात महादेवाची पिंडी, मधल्यात अप्सरा, आणि सगळ्यात खाली शेंदराने माखलेली दोन माणसे, एकमेकांना मिठी मारून उभी. दसऱ्याला तळ्याचे दार उघडून पाटाला पाणी सोडतात. त्याआधी दोन्ही वाड्यांची माणसे इथे येऊन गळाभेट घेतात.

आमची वडीलधारी मंडळी ही कथा कुणाच्या तरी सातव्या पणजोबापासून सुरू करतात आणि मुद्दा येईपर्यंत पाहुण्यांची एसटी निघून जाते. मी थेट येसापासून सांगते.

येसा ही हिंगणवाडीच्या सटवाजीची बायको. पाण्याच्या पाळीवरून भांडण झाले आणि कौलवाडीच्या मानाजीने सटवाजीला याच सांडव्यावर तलवारीने मारले, असे सांगतात. तीन पिढ्यांत पाण्यापायी गेलेला तो सातवा माणूस. येसा तेव्हा पाच महिन्यांची पोटुशी होती. सटवाजीच्या बापाने, दादजीने, पाथरवट बोलावून हा दगड कोरून घेतला. खालच्या कप्प्यात त्याने मुद्दाम मानाजीची तलवार आपल्या मुलाच्या बरगडीत रुतलेली दाखवायला लावली. मग दगडावर हात ठेवून शपथ घेतली, तीही स्वतःच्या नावाने नाही, सुनेच्या पोटातल्या जिवाच्या नावाने. हा जीव सोळा वर्षांचा होईल, इथे येऊन हे चित्र बघेल आणि मानाजीचे मुंडके आणील.

मुलगा झाला. नाव खंडू ठेवले. बारशाला दादजीने पाळण्याखाली तलवार ठेवली.

त्यानंतर एकदा येसा तळ्यावर धुणे धूत असताना मानाजीची आई आवडाबाई समोर येऊन बसली म्हणे.

"तुझ्या पोराच्या हातनं माझा मरंल," आवडाबाई म्हणाली. "मग माझा नातू तुझ्याला मारंल. तवा रडायला तू एकलीच असशील, मी काय ऱ्हात न्हाई."

"पोरानं काय बघितलंय, आत्या?" येसा म्हणाली. "आपण सांगू तेवढंच त्याला ठावं."

"आन् तुझ्या धन्याचं? त्याला न्याव नगं?"

येसा हातातले लुगडे आपटत राहिली. आपटता आपटताच म्हणाली, "त्यो गेला. ह्यो हाय."

तिथे पाचजणी ठरल्या. दोन इकडच्या, दोन तिकडच्या, आणि पाचवी गुरवीण, कारण देवळातला शेंदूर तिच्या ताब्यात असे. त्यांनी झालेली गोष्ट मोडून नवी जुळवली. तळे फुटायला आले होते, सटवाजी आणि मानाजी दोघांनी मिळून दार रेटून धरले, गाव वाचले, सटवाजी बुडाला, पण मानाजीने शेवटपर्यंत मिठी सोडली नाही. दोन्ही वाड्यांतल्या लेकरांना भरवताना, निजवताना, उवा काढताना हेच सांगायचे. एक गेली की तिने दुसरी नेमून जायचे. पारावर एखादा म्हातारा खरे सांगायला लागला, की पाचजणींपैकी कुणीतरी पोरांना हाक मारी: शेळी सुटली, पळा.

उरला दगड. गुरवीण दादजीला म्हणाली, "सटवाजी सपनात आला. शेंदूर मागतोय." आपला मुलगा देव झाला, या आनंदात म्हातारा भुलला. तेल त्याने स्वतःच्या घरातून दिले. बायकांनी पहिला थर दिला तो तलवारीवर. येसाचे बोट मात्र आधी नवऱ्याच्या छातीवर टेकले. "माफ करा," ती म्हणाली. दरवर्षी म्हणत राहिली.

सोळा वर्षांनी दादजी खंडूला घेऊन इथे आला. तोवर तो पोराला काही बोलला नव्हता, कारण पोराने ते दगडावरच बघायचे अशी शपथ होती. हातात तलवार दिली.

"बघ. काय दिसतं?"

"मिठी मारलीया दोघांनी, आबा."

"तलवार हाय तिथं."

"कुठं हाय? आबा, डोळं गेलं तुमचं."

म्हाताऱ्याने नखांनी खरवडले. सोळा थरांचा शेंदूर दगडासारखाच घट्ट झाला होता. खंडूने तलवार तिथेच ठेवली, सांडवा ओलांडला आणि वडिलांना शेवटी धरणाऱ्या माणसाला जाऊन मिठी मारली. मानाजी खरे बोलायला तोंड उघडणार, तोच दारामागून आवडाबाईने नको म्हणून मान हलवली. तो नुसता रडला. त्या दसऱ्याला त्याने आपली पाण्याची पाळी हिंगणवाडीला दिली.

दादजी दिवस मावळेपर्यंत दगडापाशी बसून होता. सून न्यायला आली तेव्हा त्याने विचारले, "पोरी, खरं काय झालं व्हतं गं?"

"तुमी बघताय तेच, मामंजी," येसा म्हणाली आणि त्याला हात धरून घरी घेऊन गेली.

त्यानंतर या तळ्यावर कुणी मेले नाही.

मी सातवीत असताना, ऐन दसऱ्याला, सगळ्यांसमोर शेंदराचे कवच गळून पडले. आत तलवार होती, सटवाजीच्या बरगडीत रुतलेली. त्या वेळच्या पाचजणींचे चेहरे पांढरे पडले. दोन वाड्या एकमेकींकडे बघत उभ्या. म्हातारी माणसे नेहमीप्रमाणे घसा खाकरत राहिली. मग कौलवाडीचे विठू मास्तर, म्हणजे मानाजीच्याच वंशातले, पुढे आले आणि गुरवांना म्हणाले, "बघत काय बसलाय? तेल आणा." आधी त्यांनी मानाजीची तलवार झाकली. मग हिंगणवाडीच्या माणसांनी शेंदराला हात लावला. त्या दिवशी पाचजणींचे गुपित सगळ्या गावाचे झाले. म्हणून तर मी ते तुम्हाला उघड सांगू शकते.

माझी आजी कौलवाडीची, आजोबा हिंगणवाडीचे. ते चित्र उघडे राहिले असते तर त्यांचे लग्न झाले नसते.

आजही दसऱ्याला शेंदराचे पहिले बोट सटवाजीच्या छातीवरच टेकते. गेली दोन वर्षे ते माझे असते. येसाने माफी मागायची ती मागून झाली आहे. मी म्हणते, "बाबा, तुमचा न्याय राहिला. त्यावर आम्ही जगलो. उपकार आहेत." मग तलवार झाकते, आणि पाणी सोडतात.