डिंकाचा टिळा

कड्याच्या कपारीतल्या मधमाश्यांच्या वसाहतीला एकच दार होते, आणि त्या दारात एकदा वास घेतला की आत कुणी कुणाला काही विचारत नसे. सात पोळी होती तोवर हे निभले. मग ओढ्याकाठचे थवे येऊन मिळाले, बाभूळबनातले आले, आणि बघता बघता सत्तर पोळी झाली. आत दिसणारी दारातून तपासून आली की नाही, हे कळेना, आणि प्रत्येक पोळ्याशी वास घेत बसले तर काम कधी करायचे? तेव्हा पहारेकऱ्यांची प्रमुख हिरडाक्का हिने तोड काढली. दारात तपासलेल्या माशीच्या कपाळावर डिंकाचा टिळा लावायचा. टिळा असला की सगळीकडे मोकळीक. मेलेल्या माश्या मात्र टिळ्यासकट दाराबाहेर टाकल्या जात.

कारवी दूरच्या डोंगरावरून शिकून परतली, तेव्हा तिच्याकडे पिलांचे पोळे आले. पहिल्याच सभेत ती उभी राहिली.

"तिकडे प्रत्येक पोळ्याच्या तोंडाशी वास घेतात. राणीचासुद्धा."

"मग तिकडची राणी अंडी रांगेत उभी राहूनच घालते वाटतं!" कुणीतरी म्हणाले आणि सभा खदखदली.

हिरडाक्का हसली नाही. "पोरी, सत्तर पोळी भरवशावर उभी राहिलीत. संशयावर एक तरी उभं करून दाखव."

त्या दिवसापासून पिलांच्या पोळ्यात शिरणाऱ्या प्रत्येकीचा कारवी वास घेऊ लागली. माश्या तिला 'डोंगरवाली' म्हणून चिडवत आणि वास देत.

फुलोरा ऐन भरात असताना चौतिसावे पोळे आतून ढासळले. मेणात पांढरी जाळी पसरली होती. कोपऱ्यात एक मेणपतंग सापडला. त्याच्या कपाळावर, मेलेल्या माशीचा खरवडून आणलेला टिळा होता. हिरडाक्काने दार बंद करवले. तरी दुपारपर्यंत पस्तिसावे गेले, मग एकेचाळिसावे. ती स्वतः पोळ्यापोळ्यातून धावत सुटली, जाळी पायांनी ओरबाडत, माश्यांना धीर देत.

शेवटी ती पिलांच्या पोळ्याशी आली. कारवी वाटेत आडवी उभी होती.

"बाजूला हो. मी आहे."

"वास देऊन जा, अक्का."

"ही टिळ्याची रीत मी काढली, आणि तू मला अडवतेस? तुझ्या तोंडात पहिला घास मी घातला होता!"

कारवीच्या मागे तीनशे घरांत तीनशे पिले होती, न उमललेली, आंधळी.

"म्हणून तर विचारते, अक्का."

अक्काच्या मागे गर्दी जमली होती. हिरडाक्काने रागाने मान खाली घातली. कारवीने स्पर्शिका टेकवल्या. मध. डिंक. म्हातारपण. मग मागच्या पायांपाशी ती थांबली. तिथे एक बारीक पांढरा धागा होता, आणि त्याला वाळूच्या कणांसारखी मेणपतंगाची अंडी चिकटली होती.

तिने स्पर्शिकेने तो धागा दाखवला. हिरडाक्काने आपल्या पायांकडे पाहिले. मग कपाळावरचा टिळा खरवडून टाकला आणि सगळ्यांपासून दूर, पिलांकडे येणाऱ्या वाटेच्या टोकाशी जाऊन उभी राहिली.

तेवढ्यात राणी आली. एकेचाळिसाव्या पोळ्यातून ती पिलांकडे निघाली होती. माश्या नेहमीप्रमाणे दोन्ही बाजूंना सरकल्या.

हिरडाक्का वाटेत आडवी उभी राहिली, सरकली नाही.