ज्योत कलते तिकडे

एका राज्यात दिवे तेलावाचून जळत. राजाच्या आजोबांनी देशभरची जादू आणून वाड्याच्या तळघरात कोंडली होती. तिच्या नुसत्या झिरपण्यावर तीनशे दिवे तेवत. त्यांची राखण सगुणा करी. ती राजकन्या हेमांगीची दूधआई. मुलीचे दूध तुटले तशी तिला दिव्यांवर नेमले.

सहा वर्षे सगुणाने एकच गोष्ट पाहिली. वारा नसतानाही ज्योती कलत. रोज ती कोळशाने भिंतीवर त्यांची दिशा मांडी. ज्योत कले ती नेहमी रित्या जागेकडे. जिथे पुढची वाट बुजलेली असे तिथे ती ताठ उभी राही, निळी पडे आणि महिन्याभरात वातीचा दगड होई. सगुणा मनाशी म्हणे, 'जादू भरल्याकडून रित्याकडे वाहते. वाट आहे तोवर ती जादू, वाट बुजली की दगड.'

त्या साली हेमांगीला ताप आला. त्या देशाची रीत अशी, की कुणी आजारी पडले तर घरटी एक मंतरलेला दोरा खोलीला बांधायचा. दुसऱ्याची गाठ सोडणे म्हणजे रोग्याचे मरण चिंतणे. दारे-खिडक्या दोऱ्यांनी गच्च झाल्या. मुलीची बोटे दगडाची झाली, मग गुडघे, मग कंबर. राजमांत्रिक धुंडिराज म्हणाले, "आणखी दोरे आणा."

दगड छातीला लागला त्या सकाळी सगुणा दरबारात गेली.

"महाराज, दोरा जादू आत ओढतो, गाठ तिला बाहेर जाऊ देत नाही. ती पोरीत थिजते आहे. गाठी सोडवा."

"दिवे पुसता पुसता शास्त्र शिकलीस होय गं?" धुंडिराज म्हणाले.

राजाची साळुंकी पिंजऱ्यातून बोलली, "आणि मांत्रिकबुवा, पोथ्या उघडून तुम्ही काय शिकलात?"

राजा हसला नाही. "तीन परीक्षा. चुकलीस तर कडेलोट."

पहिल्या परीक्षेत झाकलेले सात घडे मांडले. एकातच जादू होती. सगुणा दिवा घेऊन फिरली. चौथ्या घड्यापाशी ज्योत मागे झुकली. "हा," ती म्हणाली. तोच निघाला.

दुसरी परीक्षा चौकातल्या दगडी चाफ्याची. त्याच्या फांद्यांना नवसाचे शेकडो दोरे होते, बांधणारे कधीच मेलेले. राजाच्या हुकमाने दोरे कापले गेले आणि सगुणाने मुळाशी कोरड्या विहिरीपर्यंत चर खणवला. पण चाफा हिरवा झाला नाही. उरलासुरला ओला शेंडाही दगडाचा झाला. धुंडिराजांनी शिपायाला खूण केली. घटकाभराने शेंड्याला पान फुटले.

सारे आनंदले. सगुणा मात्र शेंड्याकडे पाहत राहिली. निघता निघता जादू आधी वर चढते, हे तिला आजवर ठाऊक नव्हते. झाडाला चढायला जागा होती. मुलीच्या गळ्याखाली चारच बोटे उरली होती.

"थांबायचे का?" राजाने विचारले. तिसरी परीक्षा हेमांगीच्या खोलीच्या गाठींचीच होती.

"थांबलो तरी दिवस मावळायला दगड गळ्याशी येईल, महाराज. सोडले तर निदान ओसरेल." तिने खाली बोट दाखवले. "तळघरही उघडा. नाहीतर पुन्हा भरेल."

तळघराची दारे उघडली. लोक आले. ज्याने त्याने रडत आपापली गाठ सोडली. दगड गळ्यावर चढला. शेवटी एकच गाठ उरली, पलंगाच्या खुराला, जुन्या लुगड्याच्या काठाची. सगळे पाहू लागले, ही कुणाची?

ती सगुणाची होती. तापाच्या पहिल्या दिवशी तिनेच बांधली होती. सहा वर्षांचे कोळशाचे फराटे भिंतीवर असून बांधली होती. आता बोटे वळेनात.

दगड हनुवटीला लागला. हेमांगी पुटपुटली, "दूधआई, सोड की."

सगुणाने गाठ सोडली.

मुलीचे ओठ दगडाचे झाले. नाक झाले. डोळे उघडेच राहिले. राणीने पदर तोंडात कोंबला. वाड्यातल्या तीनशे ज्योती एकदम दाराकडे कलल्या, आडव्या झाल्या आणि एकेक करून विझल्या. सगुणा थंडगार पाऊल हातात धरून बसली. किती वेळ गेला हे तिला कळले नाही. तिच्या तळव्याखाली काहीतरी हलले.

"पायाला मुंग्या आल्यात," हेमांगी म्हणाली. "चोळ ना."

सगुणा चोळत राहिली.

कोंडलेली जादू ज्या गावांतून आणली होती तिकडे परत गेली. तिथल्या आटलेल्या विहिरींना पाणी लागले. वाड्यात तेलाचे दिवे आले, आणि धुंडिराज वाती वळायला शिकले. राजाने नवी रीत घातली, की दोरा बांधणाऱ्याने तिसऱ्या दिवशी येऊन आपल्या हाताने तो सोडायचा. त्या राज्यात अजून तसेच करतात; आणि सोडताना ज्याचे हात कापतात त्याला कुणी हसत नाही.